भोपळ्याचं घर आणि आमचं घर

हसणं सगळ्यांना आवडतं असं लोक धरूनच चालतात. मला चारचौघांतलं हसणं आवडत नाही. एकट्यानं हसावं, दोघींनी चुलीपाशी बसून हसावं, ते वेगळं. पण पन्नास माणसं एका वेळी, एकाच जागी, एकाच माणसाकडे बघून हसायला लागली की मी अजून उठून चालू लागते. तुम्ही म्हणाल, म्हातारी खडूस आहे. असू दे. ऐंशीच्या घरात आल्यावर माणसानं एवढं तरी खडूस असावं.

माझी नातवंडं टीव्हीवर चित्रातल्या माणसांची एक मालिका बघतात. एक घर आहे, त्यात जाडा बाप, करवादलेली आई, वाह्यात पोरं, दाराशी येणारा शेजारी. मालिका सुरू झाली तेव्हा मोठा नातू दुपट्यात होता. आता त्याला मिशी फुटली, पण त्या घरातलं पोर अजून तेवढंच आहे. मी भाजी निवडत बसलेली असते आणि मधेच सांगते, आता बाप खुर्चीवरून पडेल, आता शेजाऱ्याला उगाच मार बसेल. तसंच होतं. धाकटी नात विचारते, आजी, तू हा भाग आधी पाहिलाय का? मी तिला काय सांगू? मी हे घर तुझ्या आजोबांनी टीव्ही आणायच्याही आधी पाहिलंय. तापीकाठच्या आमच्या गावात, आमच्याच खळ्यात, दर उन्हाळ्यात पाहिलंय. त्या घराचा मालक माझा उखा काका होता.

आमचं घर शेतकऱ्याचं, खाऊनपिऊन बरं. आबा म्हणजे माझे वडील थोरले, उखा काका धाकटा. काकाचं लग्न झालं होतं, पण काकू पहिल्या बाळंतपणातच गेली, आणि तेव्हापासून काकाला कोणी काही बोलायचं नाही असा घरात रिवाज पडला होता. शेतावर जायचं तर जायचा, नाही तर नाही. कपाशी, भुईमूग, ज्वारी, सगळं आबाच्या अंगावर. माय म्हणजे माझी आई पहाटे उठून कळण्याच्या भाकरी थापायची. ज्वारीत उडीद घालून दळलेलं ते पीठ, त्या भाकरीचा वास आणि पाट्यावर मिरची रगडल्याचा आवाज, याच दोन गोष्टींनी आम्ही बहिणी जाग्या व्हायचो. थोरली यमुना, तिला मी जिजी म्हणायची. मी कमल, धाकटी. जिजी माझ्याहून चार-पाच वर्षांनी मोठी, उंच, सावळी, कामाला वाघीण. तिला एकच खोड होती. कोणी टक लावून बघायला लागलं की तिच्या हातांना कंप सुटायचा. एकटी असली की डोक्यावर दोन हंडे आणि कमरेवर कळशी घेऊन चढण चढून यायची, थेंब सांडायची नाही.

आता खळ्याचं सांगते. पेरणीच्या आधी भुईमुगाच्या शेंगा फोडून बी काढून ठेवावं लागतं. यंत्र कुठलं, सगळं हातानं. अंगठ्याला चिंधी बांधून शेंग दाबायची, आणि दाण्याची लाल साल निघता कामा नये, साल निघालेला दाणा उगवत नाही. गावातल्या वीस-पंचवीस बाया आमच्या खळ्यात लिंबाच्या सावलीला दुपारभर फोडत बसायच्या. कडकड, कडकड असा आवाज, जसा काही लांबवर विस्तव पेटलाय. आता या कामात एक गोम असते. फोडणारीचं तोंड रिकामं राहिलं की दाणे तोंडात जातात. पन्नास वेळा एकेक दाणा म्हटला तरी मूठभर झाला, आणि अशा पंचवीस जणी. आबाला त्या बायांना काही बोलताही येत नव्हतं आणि ते बघवतही नव्हतं. यावर उपाय काढला उखा काकानं. तो म्हणाला, हसणाऱ्या माणसाला चावता येत नाही. त्यानं एक खाट आडवी उभी केली, तिच्यावर गोधडी टाकली, तिच्यामागे उकिडवा बसला आणि हातात बाहुल्या घालून वर काढल्या.

त्या बाहुल्या त्यानं स्वतःच केल्या होत्या, आणि त्या चांगल्या होत्या, हे मला कबूल करावंच लागतं. बापाचं डोकं वाळल्या भोपळ्याचं, म्हणून त्याचं नाव भोपळ्या. त्याच्या बायकोचं डोकं वाळून जाळी झालेल्या गिलक्याचं, म्हणजे घोसाळ्याचं, ती गिलकी. म्हातारा करवंटीचा, तो करट्या बाबा. पोरगी मक्याच्या कणसाची, वर कणसाचेच पिंगट केस वेणी घालून सोडलेले, ती कणशी. शिवाय एक शेजारी आणि एक चिंध्यांची शेळी. भोपळ्या शेतातून यायचा, बाभळीच्या काड्यांच्या इवल्या खाटेवर धप्पकन बसायचा, खाट मोडायची. गिलकी ओरडायला लागली की तो म्हणायचा, "मन्ही खाट शे, मी मोडसू." माझी खाट आहे, मी मोडीन. करट्या बाबा दर वेळी "आम्हना जमानामा..." एवढं म्हणून झोपी जायचा, त्याच्या जमान्यात काय झालं ते कोणालाच कधी कळलं नाही. शेजारी विस्तव मागायला यायचा आणि भोपळ्याला मारायला उचललेलं लाटणं त्याला बसायचं. शेळी, जिच्यावरून सगळी गोष्ट चाललेली असे नेमकी तीच वस्तू खायची. आणि शेवटी सगळे एका ताटात जेवायला बसायचे, खाट सुद्धा पुन्हा धड झालेली. दुसऱ्या दिवशी दुपारी पुन्हा पहिल्यापासून.

मी लहान असताना पोट धरून हसलेय. खोटं कशाला बोलू. पण तेव्हाही एक गोष्ट माझ्या लक्षात आली होती. पहिल्या दिवशी खाट मोडली तेव्हा बाया मोडल्यावर हसल्या. चौथ्या दिवशी भोपळ्या नुसता खाटेकडे वळला की हसायला लागल्या. आठवड्यानं तो यायच्या आधीच हसत होत्या. म्हणजे हसू खाट मोडण्याचं नव्हतंच. आता हे होणार, त्याला चुकवता येणार नाही आणि आपल्याला आधीच ठाऊक आहे, या गोष्टीचं ते हसू होतं. लाकडाच्या काड्यांचं असं झालं तर काही बिघडत नाही. माणसाचं झालं म्हणजे काय होतं ते पुढे आलंच.

जिजीला बघायला पहिल्यांदा पाहुणे आले त्या वर्षीची गोष्ट. आमच्याकडे चाल अशी, की मुलगी बघायला आलेल्यांना पाणी द्यायला तीच येते. कोणी सांगत नाही की ही मुलगी. जी पाणी घेऊन आली ती मुलगी. तिचं चालणं, वाकणं, पदर सावरणं, सगळं त्या तांब्याबरोबर बघून घेतात, विचारपूस मागून. जिजी तांब्या-पेला घेऊन आली, सहा माणसांनी माना वर केल्या, तिच्या हातांना कंप सुटला आणि तांब्या मुलाच्या बापाच्या मांडीवर पडला. धोतर भिजलं. तो माणूस भला होता, स्वतःच हसला आणि म्हणाला, उन्हाळ्याचे दिवस आहेत, बरं वाटलं. ते जमलं नाही ते पत्रिकेवरून. पाण्याचा त्यात काही संबंध नव्हता.

पण काका ओट्यावर बसून बघत होता. दुसऱ्या दिवशी दुपारी कणशीला बघायला पाहुणे आले. कणशी बारीक चिरक्या आवाजात म्हणाली, "पाव्हना, पानी ल्या," म्हणजे पाहुणे, पाणी घ्या, आणि खाटेच्या मागून खरंखुरं तांब्याभर पाणी पुढच्या बायांच्या अंगावर आलं. खळं नुसतं फुटलं. बाया लोळल्या. भर उन्हात अंगावर गार पाणी, त्यात ते चिरकं बोलणं. उद्या पुन्हा, असं सगळ्यांनी काकाला सांगितलं. दुसऱ्या दिवशी पाणी घ्यायला पोरं मुद्दाम पुढे बसली. त्या दिवसापासून भोपळ्याची खाट मागे पडली आणि कणशीचे पाहुणे पुढे आले. गोष्ट कुठूनही सुरू होऊ दे, शेतातून की बाजारातून, शेवटी पाहुणे येणार आणि कणशी पाणी आणणार.

जिजी त्याच खळ्यात शेंगा फोडत बसलेली असायची. ती मान वर करायची नाही. मायनं एकदा आबाला सांगितलं. आबा म्हणाला, "मस्करी शे ती, मनवर लेवू नको." मस्करी कशाला म्हणायचं हे ज्याची होते त्याला कोणी विचारत नाही. माय काकाकडे गेली. मी तिच्या पदराला धरून होते. काका खाटेची दोरी आवळत बसला होता. मायनं एवढंच म्हटलं, "ती मन्ही आंडेर शे, तुन्ही बाहुली नही." आंडेर म्हणजे लेक. काका गोड हसला. त्याचं हसणं गोडच होतं, सगळं गाव त्यावर भाळलेलं. म्हणाला, वहिनी, मी कुठं यमूचं नाव घेतलं? माझी ती कणशी आहे, मक्याची. हे त्याचं नेहमीचं. नाव घ्यायचं नाही आणि बाकी काही ठेवायचं नाही.

आता हे गावातल्या गावात राहिलं असतं तर एक वेळ निभावलं असतं. पण शेंगा फोडायचे दिवस आणि आखाजीचे दिवस एकच. आखाजी म्हणजे अक्षय्य तृतीया. आमच्या खान्देशात तो सासुरवाशिणींचा सण, दिवाळीपेक्षा मोठा. झाडाझाडाला झोके, घरोघर आमरस आणि खापरावरच्या पुरणपोळ्या, आणि लग्न करून दिलेल्या सगळ्या लेकी माहेरी. त्या साऱ्या दुपारी आमच्या खळ्यात येऊन बसायच्या. सण संपला की बैलगाडीत बसून आपापल्या सासरी जायच्या, आणि जाताना कुरडयांच्या टोपलीबरोबर उखा काकाची कणशी घेऊन जायच्या. दोन वर्षांत अशी गत झाली की तापीच्या या तीराला नि त्या तीराला, जिथे म्हणून आमच्या जातीत सोयरीक जमण्यासारखी होती, तिथे प्रत्येक गावात कोणीतरी "पाव्हना, पानी ल्या" म्हणून हसवणारी होती. आणि कणशी कोणाच्या घरची, हेही तिनं सांगितलेलंच असे.

पुढचे पाहुणे आले तेव्हा त्यांच्यातल्या बाया जिजी आतून निघायच्या आधीच पदर तोंडाशी धरून बसल्या होत्या. त्यांनी काही वाईट केलं नाही, नुसत्या वाट बघत होत्या. जिजीचे हात कापले. पाणी सांडलं. त्याच्या पुढचे पाहुणे आले त्यात मुलाचा एक मामा होता, मोठा गमत्या. जिजी उंबऱ्यात दिसल्याबरोबर त्यानं शेजारी ठेवलेली छत्री उघडली आणि डोक्यावर धरली. घरात, आढ्याखाली, उघडी छत्री. सगळे हसले. आबा पण हसला. मी दाराच्या फटीतून त्याच्या तोंडाकडेच बघत होते, म्हणून सांगते. जिजी तिथेच उभी राहिली आणि हातातला तांब्या थडथडत राहिला. आठ दिवसांनी निरोप आला. मुलगी कामाची आहे, रूप ठीक आहे, पण जिच्यावर गाव हसतं अशी सून करून आम्ही काय करू?

एकदा शहाद्याहून एक प्राध्यापक बाई आल्या होत्या माझ्याकडे, जुन्या लोककलांची माहिती गोळा करायला. त्यांना कोणीतरी काकाचं सांगितलेलं. मी भोपळ्या सांगितला, गिलकी सांगितली, आणि मग मुद्दाम कणशी सांगितली, जशीच्या तशी, त्या मामाच्या छत्रीसकट. बाई हसल्या. मग माझं तोंड बघून ओशाळल्या. मी म्हटलं, हसा हो, ते हसण्यासाठीच बांधलेलं आहे. एवढ्या वर्षांनी, आवाज नाही, बाहुली नाही, बांधणारा नाही, तरी चालतंय म्हणजे केवढं पक्कं बांधलं होतं बघा.

मग कोरीटचे पाहुणे आले. हे स्थळ खरं चांगलं होतं. मुलगा शेती बघणारा, घरात गोडी, आणि त्यांचं आमच्या बाजूला येणं-जाणं नाही, म्हणजे कणशी तिथवर पोचलेली नव्हती. जिजीचं वय उलटत चाललं होतं. सतरा-अठराची झाली म्हणजे त्या काळी बाया डोळ्यांनी एकमेकींना खुणा करायच्या. माय म्हणाली, हे जमलं नाही तर आता बिजवर बघावा लागेल. घरात दोन दिवस कोणी धड जेवलं नाही. आबानं युक्ती काढली. म्हणाला, पाणी कमली देईल, यमू मागून सुपारीचं तबक घेऊन येईल. तबकातून काय सांडणार? सगळ्यांना हे पटलं. मायला पटलं, काकाला, शेजारणींना, मला पण पटलं. एका घरातली एवढी माणसं, सगळ्यांनी जन्मभर तीच चाल पाळलेली, आणि एकाच्याही ध्यानात आलं नाही की आमच्यात पाणी आणते तीच मुलगी.

मी परकर-पोलक्यात होते. मायनं ऐन वेळी माझ्या खांद्यावर तिच्या जुन्या लुगड्याचा पदर टाकला. मी पाणी दिलं. मला कोणाची भीती नव्हती, हात स्थिर होते. मुलाची आत्या होती, पांढऱ्या केसांची, तिनं मला वरपासून खालपर्यंत पाहिलं, माझा हात हातात घेऊन उलटासुलटा केला, मग भावाकडे बघून म्हणाली, "जराशी धाकली शे, पन चालस." आणि आबाला, "पोर पसंत शे आम्हले."

खोलीत कोणी बोलेना. आत्याबाईला वाटलं आनंदानं तोंड बंद झालं. मी आबाकडे बघितलं. आबानं लगेच सांगायला हवं होतं की ही नव्हे, मोठी आत आहे. त्यानं सांगितलं नाही. तो विचार करत होता. बापाचा चेहरा मुलीला वाचता येतो. एक जाते तर जाऊ दे, कोणती का असेना, असं त्याच्या तोंडावर लिहिलेलं मी वाचलं, आणि ते मी आजतागायत विसरले नाही. बोलली ती माय, दाराआडून. मोठी आत आहे म्हणाली.

तेवढ्यात जिजी तबक घेऊन आली. तिनं सगळं ऐकलं होतं. पाहुणे गोंधळले, एकमेकांकडे बघू लागले. आत्याबाई समजूतदार होती. म्हणाली, असं होय, मग हरकत नाही, मोठीनं रीतीप्रमाणं पाणी आणावं, आम्ही बघतो. तिनं हे चांगल्या मनानं म्हटलं. तिला काही ठाऊक नव्हतं. पण उंबऱ्याबाहेर काका आणि दोन-तीन शेजारी होते, त्यांना ठाऊक होतं, आणि त्यातला एक फिस्सकन हसला. जिजीनं तबक खाली ठेवलं. तिचे हात तेव्हा कापत नव्हते. ती आत्याबाईकडे बघून म्हणाली, "मी पानी आननार नही. तहान लागनी व्हई ते रांजन तठे शे."

पाहुणे उठले. भांडले नाहीत, रागावले नाहीत, चपला घालून गेले. आबा जिजीला काय काय बोलला ते मी लिहीत नाही. आमरस तसाच पातेल्यात आंबला. जिजी रात्रभर रडेल असं मला वाटलं होतं, पण ती पडल्या पडल्या झोपली, आणि सकाळी उठून नेहमीसारखी भाकरी भाजायला बसली.

दुपारी खळ्यात बाया नेहमीपेक्षा जास्त होत्या. गावात सगळं पसरलं होतं. मी मनात म्हणत होते, आज तरी नाही. आज काका शेळी करेल, शेजारी करेल, नाही तर बाहुल्या काढणारच नाही. मी वेडी होते. ज्याला हसवायचं व्यसन लागलं त्याच्या हाती एवढं आयतं आलं तर तो सोडतो? त्यानं सकाळपासून बसून मातीच्या बुडकुल्याचा रांजण केला होता. कणशीला बघायला पाहुणे आले, त्यांनी चुकून शेळीलाच पसंत केलं. खळं हसलं. मग कणशी आली आणि बुडकुल्याकडे हात करून चिरकली, रांजन तठे शे. पाहुणा पाणी प्यायला वाकला तो उलटा आत पडला, पाय वर. मी पंचवीस बायांना तशा हसताना पुन्हा कधी पाहिलं नाही. एकीला ठसका लागला. आबा लिंबाला टेकून उभा होता, डोळे पुसत होता हसून हसून. काल त्याच माणसानं तिला तोंडाला येईल ते बोलून घेतलं होतं.

जिजी उठली. मांडीवरची फोलपटं झटकली, फोडलेले दाणे सुपात नीट ओतले. ती उठली तशी एका सासुरवाशिणीनं मागून हाक दिली, पाव्हना, पानी ल्या, आणि पुन्हा हशा. जिजी सरळ खाटेपाशी गेली, वरच्या अंगाचा पाय धरला आणि खाट आपल्याकडे ओढली. खाट गोधडीसकट आपटली.

मागे काका होता. उकिडवा, धोतर वर खोचलेलं, अंगातली बंडी घामानं चिकटलेली, बाजूला पाण्यानं भरलेला तांब्या तयार. उजव्या हातात कणशी, डाव्यात पाहुणा. खाट पडल्याचं त्याला कळलं, पण हाताला कळलं नाही असं काहीतरी झालं असावं. कणशी वरच राहिली. आणि काकाचे ओठ हलले, आणि त्या बारीक चिरक्या आवाजात, पोरीच्या आवाजात, तो म्हणाला, "पाव्हना, पानी ल्या."

इतकी वर्षं तो आवाज कुठल्या तोंडातून येतो हे कोणी पाहिलं नव्हतं. ठाऊक सगळ्यांना होतं, पण ठाऊक असणं वेगळं. पिकल्या मिशांचा बाप्या, ओठांचा चंबू करून, सख्ख्या पुतणीचा आवाज काढतोय, आणि पुतणी समोर उभी आहे. एक बाई हसली नाही. कडकड आवाजही थांबला.

जिजी म्हणाली, "काका, आते तुन्हा आवाजमा बोल."

काकानं तोंड उघडलं. मिटलं. आबाकडे बघितलं. आबा खाली फोलपटांकडे बघत होता. मला वाटतं, स्वतःच्या आवाजात बोलण्यासारखं त्याच्यापाशी काही नव्हतंच. त्यानं कणशी हातातून काढून खाली ठेवली आणि खळ्यातून निघून गेला.

तुम्हाला वाटेल, झालं, सगळ्यांना आपलं चुकलं हे कळलं. तसं गोष्टीत होतं. आमच्या गावात काय झालं ते सांगते. चार दिवसांनी गाव काकाच्या बाजूचं झालं. बिचारा विधुर माणूस, चार लोकांना हसवत होता, तेही पोरीनं सहन केलं नाही. काका जेवायला आमच्याकडे येईना, मित्राच्या घरी जेवू लागला आणि तिथे बसून सांगू लागला की माझी कला मारली. भोपळ्याच्या घरात काहीही मोडलं तरी दुसऱ्या दिवशी धड व्हायचं. सगळं गाव त्याच हिशेबानं आमच्याकडे बघत होतं. आता जिजीनं काकाची माफी मागावी, काकानं खाट उभी करावी आणि सगळ्यांनी एका ताटात जेवावं, अशी त्यांची वाट बघणं चाललं होतं. आबानं हे बोलूनही दाखवलं. जिजी माफी मागायला तयार झाली नाही.

पुढच्या वर्षी धडगावकडून एक स्थळ आलं. मुलगा तिकडे सातपुड्यात सरकारी दवाखान्यात कंपाउंडर होता, पहिली बायको वारलेली, मूल नव्हतं. माय म्हणाली होती तसं शेवटी बिजवरच आला. तिकडे घाट चढून जायला दिवस मोडायचा, आमच्यातलं कोणी तिकडे मुलगी देत नसे. जिजी म्हणाली, मी जाईन. तिची एकच अट होती, लग्नाच्या मांडवात काका नको. आबा म्हणाला, सख्खा भाऊ मांडवात नाही तर मी गावाला काय तोंड दाखवू? दोन महिने यावरून घर धुमसत होतं. मग एका सकाळी मायनं दोन गाठोडी बांधली, आम्हा दोघींना पुढे घातलं आणि माहेरी निघून गेली. जिजीला हळद लागली ती मामाच्या दारात. हे आमच्याकडे कोणी ऐकलेलं नव्हतं. मायला त्याबद्दल मरेपर्यंत लोक बोलले.

आबा आला. कन्यादानाच्या वेळेपर्यंत येईल की नाही कोणाला ठाऊक नव्हतं, पण आला, एकटा. सगळं पार पडल्यावर, जिजी गाडीत बसायच्या आधी, तिच्याजवळ जाऊन उभा राहिला. माझ्या मनात आलं, आता म्हणेल. माझं चुकलं असं सरळ नाही तरी आडून काहीतरी म्हणेल. तो म्हणाला, "एक बाहुलीकरता घर मोडी गयं ना, पोरी."

जिजीनं वाकून त्याच्या पायाला हात लावला, रीत म्हणून. उठली, आणि त्याच्याकडे बघत म्हणाली, "घर मोडनं नही, आबा. हासनं बंद व्हयनं, इतलंच."

ती गेली. माय आणि मी परत आलो. त्यानंतर आमच्या खळ्यात कोणी खाट उभी केली नाही. बाया यायच्या, शेंगा फोडायच्या, जायच्या. आबा संध्याकाळी ओट्यावर बसायचा आणि त्याच्याशी बोलायला कोणी यायचं नाही. जाणारे-येणारे म्हणायचे, हे घर किती ओकंबोकं झालं, पूर्वी काय गोकुळ होतं. माझं लग्न होईपर्यंत मी त्या घरात राहिले, आणि मला ती शांतता आवडायची. चौथीनंतर माझी शाळा बंद केली होती. दुपारी कामं आटोपली की घरात एक आवाज नसायचा, कोणी हाक मारायचं नाही, कोणी माझ्याकडे बघत नसायचं. मी किराण्याच्या पुड्यांचे कागद सोडवून मांडीवर सरळ करायची आणि एकेका अक्षरावर बोट ठेवून वाचत बसायची. शाळेत अक्षरं नुसती गिरवली होती, वाचायला मी शिकले ती तेव्हा.